पायाखालचे पाणी

मेक्सिको शहरात आलेल्या पाहुण्याला आधी सोनेरी देवदूत दाखवतात. स्वातंत्र्याच्या शताब्दीला, १९१० साली, उभारलेल्या उंच स्तंभाच्या माथ्यावर पंख पसरून ही मूर्ती उभी आहे. नोकरीनिमित्त तिथे राहणारा माझा पुतण्या म्हणाला, "काका, पायऱ्या मोजा."

तेवीस भरल्या.

"मुळात नऊच होत्या. चौदा मागाहून जोडल्या."

देवदूत काही वर चढला नव्हता. त्याचा पाया खोल रोवलेला, म्हणून तो जागच्या जागी राहिला. भोवतीचा रस्ताच खाली गेला!

हे शहर वसले तेच मुळी पाण्यात. अॅझ्टेकांनी १३२५ च्या सुमारास सरोवरातल्या बेटावर राजधानी वसवली. स्पॅनिशांनी १५२१ मध्ये ती जिंकून पाडली, तिच्यावर आपले नगर बांधले आणि पुराला कंटाळून पुढे सरोवराचे पाणीच बाहेर काढून दिले. राहिली ती पाण्याने टम्म भरलेली चिकणमाती. तिच्याखालच्या वाळू-खड्यांतले पाणी शहर विहिरींनी उपसते. ते कमी झाले की वरच्या मातीतले पाणी खाली झिरपते आणि माती दबते.

"म्हणजे चक्काच की!" आमच्या सौभाग्यवती म्हणाल्या. "दही फडक्यात बांधून टांगले की पाणी निथळते, गोळा आकसतो. मग वरून कितीही पाणी ओता, पहिले दही काही होत नाही."

याहून चांगला खुलासा मला पुढे कुठल्याही जाड पुस्तकात मिळाला नाही. विसाव्या शतकात शहराचा मध्यभाग दोन मजल्यांएवढा खचला. मोठ्या चर्चमध्ये घुमटातून ओळंबा सोडला आहे. इमारत कशी कलत गेली, त्याच्या खुणा खाली फरशीवर आहेत. एक बाजू जास्त खचलेली. म्हणून १९९० नंतरच्या दशकात इंजिनिअरांनी दुसऱ्या बाजूखालची माती कोरून काढली आणि तीही खाली आणली. वर उचलणे शक्य नाही, तेव्हा समान बुडवा! हसावे की हात जोडावेत, कळेना.

उपशामुळेच जमीन खचते, हे नाबोर कारीयो या इंजिनिअराने १९४७ मध्येच दाखवून दिले होते. पुढच्या दशकात मध्यभागात नव्या विहिरींना बंदी झाली. तिथले खचणे मंदावले. तहान मात्र तेवढीच, किंबहुना वाढतीच. तेव्हा विहिरी शहराच्या कडेला गेल्या आणि खचणेही त्यांच्यामागोमाग गेले. काही भागांत आता वर्षाला दीड फुटापर्यंत.

इस्तापालापा ही अशीच कडेची, कष्टकऱ्यांची वस्ती. पाहुण्यांना तिथे कोणी नेत नाही. मी हट्टाने गेलो. तिथे टेकड्यांचा खडक आणि सरोवराची माती एकमेकांना भिडतात. खडक हलत नाही, माती खचते आणि सांध्यावर जमीन उभी चिरते. एका घरात भेग अंगणातून थेट स्वयंपाकघरात शिरली होती. घरच्या आजीबाईंनी ती तीनदा सिमेंटने बुजवली होती. आणि ज्या पाण्यापायी हे सारे, ते त्यांच्या नळाला आठवड्यातून दोनदाच येई.

आम्ही बोलत होतो तोच गल्लीच्या तोंडाशी टँकर वाजला. आजीबाई बोलणे तिथेच टाकून पिंपाकडे धावल्या. पिंपाखाली एका बाजूला लाकडाची पाचर ठोकली होती, पाणी सांडू नये म्हणून.