नंदादेवीवर हरवलेलं प्लुटोनियम

नंदादेवीच्या बर्फात कुठेतरी प्लुटोनियम पडलंय, तेही १९६५ पासून! ‘स्पाइज इन द हिमालयाज’ हे पुस्तक हाती लागल्यापासून मी भेटेल त्याला हे सांगत सुटलेय. निम्म्यांना थाप वाटते. पण पुस्तकाचे एक लेखक मनमोहनसिंग कोहली स्वतः ते तिथं नेणाऱ्या मोहिमेचे म्होरके होते. त्याच वर्षीच्या यशस्वी भारतीय एव्हरेस्ट मोहिमेचे नेतेही तेच!

१९६४ च्या ऑक्टोबरात चीननं शिनजियांगमध्ये अणुस्फोट केला. चिनी क्षेपणास्त्र चाचण्यांचे संदेश टिपायला अमेरिकेच्या सीआयएला उंच शिखरावर यंत्र हवं होतं. बासष्टच्या चीन युद्धाची जखम ओली होती, आपलं गुप्तचर खातंही सामील झालं. त्या थंडीत यंत्राला वर्षानुवर्षं वीज कुठून मिळणार? प्लुटोनियमच्या उष्णतेवर चालणाऱ्या जनित्रातून! आणि ते पाठीवर वाहणारे शेर्पा! ऊब मिळते म्हणून ते ओझं प्रत्येकाला हवं असायचं, हे वाचताना माझ्या अंगावर काटा आला. आपण काय वाहतोय हे त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं.

शिखर जवळ आलं आणि हवा फिरली. माणसं वाचवायची म्हणून कोहलींनी सामान चौथ्या तळावर कड्याला बांधून सगळ्यांना खाली आणलं. मला तो निर्णय आजही योग्यच वाटतो. पुढच्या वसंतात वर जाऊन बघतात तर जनित्र गायब! बहुधा हिमकड्यासोबत वाहून गेलेलं. खूप शोधलं, सापडलं नाही.

दुसरं यंत्र १९६७ साली नंदाकोट शिखरावर बसलं. थोड्याच काळात उपग्रहांनी ती गरजच संपवली. म्हणजे हेरगिरीचा उपयोग जेमतेम काही वर्षांचा! पण धोका मात्र उरला: नंदादेवीचं पाणी ऋषिगंगेतून धौलीगंगेत, अलकनंदेत आणि पुढे गंगेत जातं. १९७८ साली एका अमेरिकी मासिकानं हे गुपित फोडलं, तेव्हा मोरारजी देसाईंना संसदेत कबुली द्यावी लागली.

७ फेब्रुवारी २०२१ ला ऋषिगंगेला भीषण पूर आला. काठावरच्या रैणी गावात, गौरादेवींच्या ‘चिपको’ आंदोलनाच्या रैणीत, लोकांना पहिला संशय आला तो त्या हरवलेल्या यंत्राचा! रौंथी शिखराचा खडक आणि बर्फ कोसळल्यानं पूर आला, असं शास्त्रज्ञांनी दाखवून दिलं. तरी त्या गावकऱ्यांना अडाणी म्हणायची माझी छाती नाही. इतकी वर्षं त्यांच्यापासून लपवलं कुणी? २०१८ साली उत्तराखंडचे मंत्री सतपाल महाराज यांनी थेट पंतप्रधानांकडे शोधाची मागणी केली होती. ती अगदी रास्त आहे. या प्लुटोनियमचा अर्धायुष्यकाळ सुमारे ८८ वर्षांचा, म्हणजे २०५३ उजाडेल तेव्हाही त्यातलं निम्मं उरलेलंच असेल.