अंतर राखून लिहिलेल्या गोष्टी

अवकाशातली गोष्ट लिहायला घेतली की पात्रांची नावं ठरवण्याआधी मी अंतरं मांडून घेते. वहीत डाव्या हाताला किलोमीटर, उजव्या हाताला प्रकाशाला लागणारा वेळ. चंद्रापर्यंत सव्वा सेकंद. सूर्यापर्यंत ८ मिनिटं २० सेकंद. मंगळ जवळ असेल तेव्हा ३ मिनिटं, सूर्याच्या पलीकडे गेला की २२. सूर्यानंतरचा सगळ्यांत जवळचा तारा प्रॉक्झिमा सेंटॉरी, त्याच्यापर्यंत सव्वाचार वर्षं. हे झालं प्रकाशाचं. ५ सप्टेंबर १९७७ रोजी निघालेलं व्हॉयेजर-१ आजही सेकंदाला १७ किलोमीटर वेगानं चाललं आहे, पण तेवढं अंतर कापायला त्याला सुमारे ७५ हजार वर्षं लागतील.

शाळेत विज्ञान शिकवत होते तेव्हा हे आकडे फळ्यावर लिहायचे. एकदा मागच्या बाकावरच्या मुलीनं विचारलं, “बाई, म्हणजे हाक मारली आणि ओ यायच्या आत हाक मारणाराच गेला, तर?” धड्याखालच्या स्वाध्यायात असला प्रश्न नसतो. पण अवकाशकथा सुरू होते ती इथूनच, असं मी मानते, आणि इतकी वर्षं गोष्टी लिहून हे मत पक्कंच होत गेलं आहे.

अवकाशयुद्धाची पुस्तकं मी मनापासून वाचते. ताफे, वेढे, फितुरी, एकाकी ठाण्यावर अडकलेले सैनिक, हे सगळं मला हवं असतं. तरी त्यांतली बरीचशी पुस्तकं पहिल्या पन्नास पानांतच अंतर पुसून टाकतात, याची हळहळ वाटते. इंग्रजीतल्या या लेखनाचा साचा मुळात दर्यावरचा. सी. एस. फॉरेस्टरच्या कादंबऱ्यांतला हॉर्नब्लोअर हा आरमारी कप्तान ‘स्टार ट्रेक’च्या कर्त्यांसमोर आदर्श म्हणून होता. १९७७ च्या ‘स्टार वॉर्स’मधल्या झुंजी दुसऱ्या महायुद्धातल्या विमानांच्या चित्रफिती पाहून बसवल्या होत्या. त्यामुळे यानं पंख कलते करून वळतात, निर्वात पोकळीत स्फोटांचे आवाज घुमतात, आणि एका सूर्याकडून दुसऱ्या सूर्याकडे जायला दुपारचं जेवण होईपर्यंतचा वेळ पुरतो. पाहायला मजा येते. पण आकाशगंगा सुमारे एक लाख प्रकाशवर्षं रुंद आहे, हे त्या गोष्टीत कुणालाच जाणवत नाही.

आयझॅक आसिमॉव्हला मात्र मी यातून वगळते. ‘फाउंडेशन’मध्ये त्यानंही यानांना उड्या मारायला लावून अंतर पुसलं, पण ते त्यानं इतिहासासाठी मोकळी जागा हवी म्हणून केलं. रोमन साम्राज्याच्या ऱ्हासावरचा गिबनचा ग्रंथ त्याच्या डोळ्यांसमोर होता. साम्राज्य आतून कसं कुजतं हे दाखवायचं, तर सुभे एकमेकांना जोडलेले असायला हवेत. अंतर देऊन त्यानं त्याच्या तोलाचं काही मिळवलं. बाकीचे बहुतेक जण ते फुकट घालवतात.

फुकट का म्हणते, ते हिशेब करून सांगते. समजा, दोन यानं एकमेकांपासून तीन लाख किलोमीटरवर आहेत. मला दिसतंय ते शत्रूचं यान एक सेकंदापूर्वीचं. मी प्रकाशाचा झोत सोडला तर तो पोचायला आणखी एक सेकंद. या दोन सेकंदांत समोरच्यानं पृथ्वीच्या गुरुत्वाकर्षणाइतका जोर लावला, तर तो वीस मीटर सरकलेला असतो. अंतर दहापट केलं तर वीस सेकंद मिळतात, आणि तेवढ्यात तो दोन किलोमीटर बाजूला झालेला असतो. म्हणजे नेमबाजाला शत्रूच्या मनातला पुढचा विचार ओळखून मारा करावा लागतो. एवढ्या साध्या गणितातून युद्धकथेला लागणारी सगळी माणसं मिळतात: घाई करणारा, दबा धरून बसणारा, समोरच्याला पूर्वी कधी ओळखत असलेला.

पाठलागाचंही तसंच. पृथ्वीभोवती फिरताना पुढच्या यानाला गाठायचं असेल तर वेग वाढवून चालत नाही. वाढवला की आपण वरच्या कक्षेत जातो आणि मागे पडतो. आधी वेग कमी करून खाली उतरायचं. खालची कक्षा लहान आणि वेगवान, तिथून पुढे निघून मग वर यायचं. जून १९६५ मध्ये जेमिनी-४ मधून जेम्स मॅकडिव्हिट यांनी आपल्याच रॉकेटच्या सुट्या झालेल्या टप्प्याजवळ जायचा प्रयत्न केला, तेव्हा त्याच्या रोखानं जोर लावूनही तो लांबच जात राहिला. शत्रूला गाठायला मागे हटावं लागतं, अशी रणभूमी दुसऱ्या कुठल्या लेखकाला मिळणार?

सावर्ड्यात सह्याद्री शिक्षण संस्थेचं कला महाविद्यालय आहे. तिथल्या एका विद्यार्थ्याला मी माझ्या गोष्टीसाठी यानाचं चित्र काढायला सांगितलं होतं. त्यानं पहिल्या खेपेला टोकदार, पंखांचं, मागून ज्वाळा सोडणारं यान आणलं. हात फार चांगला होता त्याचा. मी त्याला विचारलं, यानात माणसं आहेत, यंत्रं चालू आहेत, मग उष्णता बाहेर कशी जाणार? वारा नाही, पाणी नाही, फक्त प्रारणानं जाणार. आणि ती जाताना दिसणारच, कारण भोवतालचं आकाश निरपेक्ष शून्यापेक्षा जेमतेम तीन अंशांनी वर आहे. तो गप्प झाला. दुसऱ्या खेपेला त्यानं जे आणलं त्यात मूळ यान इवलंसं होतं आणि त्याच्या चारही बाजूंना उष्णता टाकणारे प्रचंड पत्रे पसरले होते. “बाई, हे लपणार कुठे?” त्यानं विचारलं. त्या प्रश्नानं माझ्या गोष्टीचा उत्तरार्ध बदलला. लपता येत नाही असं युद्ध लिहायला मिळालं.

ज्यांनी अंतर राखलं, त्यांची पुस्तकं टिकली आहेत. जो हाल्डमन व्हिएतनामच्या युद्धात लढून, जखमी होऊन परतला आणि १९७४ मध्ये त्याची ‘द फॉरेव्हर वॉर’ आली. तिच्यातला सैनिक प्रकाशाच्या जवळपास वेगानं मोहिमेवर जातो. त्याची काही वर्षं जातात तोवर घरी शतकं उलटतात. तो ज्यांच्यासाठी लढायला गेला ते लोकच उरत नाहीत. चिनी लेखक लियू त्सिशिन यांच्या ‘द थ्री-बॉडी प्रॉब्लेम’मध्ये परग्रहावरचा ताफा निघाल्याचं माणसाला कळतं, आणि तो पोचायला चारशेहून अधिक वर्षं आहेत. आपल्या पणतूच्या पणतूवर येणाऱ्या हल्ल्याची तयारी आज कोण, कशी करील? ही कल्पना सुचायला आधी अंतर मान्य करावं लागतं.

मला अंतराचं एवढं का वाटतं, याचं कारण पुस्तकांत नाही. माझे बाबा मुंबईला गिरणीत होते आणि आम्ही इथे. रत्नागिरी जिल्ह्यातल्या घराघराची तेव्हा हीच रीत होती; मनीऑर्डर आली की चूल निश्चिंत. एकदा बाबांचं पत्र आलं की अंगात ताप आहे, खोलीतली माणसं बघतात, काळजी करू नये. आई त्या दिवशी जेवली नाही. नंतर कळलं, ते पत्र आमच्या हाती पडलं त्या दिवशी बाबा पाळीवर गेले होते. ताप कधीच उतरला होता. आई ज्यांच्यासाठी रडत होती ते बाबा आठवड्यापूर्वीचे होते. तिनं लगोलग लिहून घेतलेलं “सुट्टी काढून या” हे पत्र त्यांना मिळालं तेव्हा त्यांना त्याचा अर्थच लागेना. दोघांचंही प्रेम खरं होतं, आणि दोघंही वेगवेगळ्या दिवसांत जगत होते.

अवकाशकथेत मी हेच लिहिते. मंगळाभोवतीच्या ठाण्यावर एक अधिकारी आहे, तिला पृथ्वीवरून हुकूम येतो: मारा करा. तो वीस मिनिटांपूर्वीचा आहे. तेवढ्या वेळात तह झाला असेल का? ती विचारू शकते, पण उत्तर यायला चाळीस मिनिटं. अशी गोष्ट लिहिताना मी कागदावर दोन रकाने आखते, एक पृथ्वीचा आणि एक ठाण्याचा, आणि कुठल्या क्षणी कुणाला काय ठाऊक आहे ते लिहीत जाते. पात्रांचे स्वभाव त्या रकान्यांतूनच उमटतात. पाल्हाळ नको असेल तर यासारखा उपाय नाही.

२६ जानेवारी १९९८ ला कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर सुरू झाली, पुढे घरोघर फोन आले, आणि ते जुनं अंतर गेलं. गेलं ते फार चांगलं झालं. पण आजच्या मुलांना उत्तराची वाट पाहणं म्हणजे काय, ते समजावून सांगायला आता पृथ्वीवर जागा उरलेली नाही. ती जागा वर आहे.

मराठीत अवकाशाची ओढ जुनी आहे. ज्यूल व्हर्नच्या चंद्रप्रवासाच्या कादंबरीचा मराठी अवतार १९०० साली कृष्णाजी नारायण आठल्ये यांच्या ‘केरळकोकिळ’ मासिकात येऊ लागला. पुढे भा. रा. भागवतांनी ‘चंद्रावर स्वारी’ म्हणून तोच व्हर्न मुलांच्या हाती दिला. १९६६ मध्ये मराठी विज्ञान परिषद स्थापन झाली, आणि तिच्या विज्ञानकथा स्पर्धेला १९७४ मध्ये ‘नारायण विनायक जगताप’ नावाच्या स्पर्धकाची ‘कृष्णविवर’ ही कथा आली. तिला पहिलं बक्षीस मिळालं. लेखक होते जयंत विष्णू नारळीकर. आपल्या नावाचा प्रभाव परीक्षकांवर पडू नये म्हणून त्यांनी आद्याक्षरं उलटी केली होती, आणि अक्षर ओळखू येऊ नये म्हणून कथा पत्नीच्या हस्ताक्षरात पाठवली होती.

नारळीकरांची ‘धूमकेतू’ मी वर्गात अनेकदा सांगितली आहे. कलकत्त्यातला एक हौशी आकाशनिरीक्षक नवा धूमकेतू शोधतो, त्याला त्याचं नाव मिळतं, आणि मग गणितानं कळतं की तो पृथ्वीवर आदळणार. अण्वस्त्रं पाठवून त्याला वळवायचं ठरतं. इकडे घरी बायको शांतीसाठी यज्ञ मांडते. या कथेत कुठेही झटापट नाही, तरी श्वास रोखून वाचावी लागते, कारण तारीख ठरलेली आहे आणि अंतर कमी होत चाललं आहे. २६ सप्टेंबर २०२२ रोजी डार्ट हे यान डिमॉर्फस या लहानग्या खगोलावर मुद्दाम आदळवण्यात आलं आणि त्याचा फेरा सुमारे अर्ध्या तासानं कमी झाला, तेव्हा मला या कथेची फार आठवण झाली. नारळीकर २० मे २०२५ रोजी गेले. आकाशाचा हिशेब चोख ठेवूनही घरातल्या माणसाचं मन लिहिता येतं, हे त्यांच्यामुळे आमच्या पिढीला कळलं.

पण अवकाशयुद्धाची ऐसपैस कादंबरी मराठीत रुजली नाही. अरुण साधूंच्या ‘विप्लवा’सारखी मोठ्या आवाक्याची पुस्तकं विरळाच. मला याची दोन कारणं दिसतात. एक, आमची विज्ञानकथा स्पर्धांत आणि दिवाळी अंकांत वाढली. दहाबारा पानांत साम्राज्य बसत नाही. दुसरं कारण मला अधिक महत्त्वाचं वाटतं. वेढे, गनिमी कावे, फितुरी आणि बलिदान यांची मराठी वाचकाची भूक ऐतिहासिक कादंबरीनं पुरेपूर भागवली. नाथमाधवांनी १९०८ मध्ये ‘श्रीनिवासराव’ ही विज्ञानाच्या अंगानं जाणारी कादंबरी लिहिली, पण वाचकांनी त्यांना डोक्यावर घेतलं ते स्वराज्याच्या कादंबऱ्यांसाठी. लढाई हवी तर ती गडावर, असं आमच्या मनात बसून गेलं.

आता मात्र लढाई खरोखर वर गेली आहे. ११ जानेवारी २००७ ला चीननं आपलाच एक हवामान उपग्रह सुमारे ८६५ किलोमीटर उंचीवर फोडला. त्याचे नोंद ठेवण्याजोगे तीन हजारांहून अधिक तुकडे झाले आणि त्यांतले कितीतरी अजून फिरत आहेत. २७ मार्च २०१९ ला ‘मिशन शक्ती’त भारतानं सुमारे ३०० किलोमीटरवरचा आपला उपग्रह पाडला. उंची कमी ठेवल्यानं बहुतेक तुकडे लवकर खाली येऊन जळाले. १९६७ चा अवकाश करार कक्षेत अण्वस्त्रं ठेवायला मनाई करतो; जमिनीवरून उपग्रह पाडण्याला करत नाही. पृथ्वीजवळ मोठी लढाई झालीच, तर जिंकणाऱ्यालाही त्या कक्षा वापरता येणार नाहीत. प्रत्येक तुकडा सेकंदाला सात-आठ किलोमीटर वेगानं फिरत राहील. हा विषय परग्रहवासी आणि तळपत्या तलवारींपेक्षा कितीतरी भयंकर आहे, आणि मराठीत त्यावर कादंबरी हवी.

ती लिहिणाऱ्यानं हॉर्नब्लोअरकडे जायची गरज नाही. आपल्या किनाऱ्यावर कान्होजी आंग्र्यांचं आरमार होऊन गेलं. वारा पडला की वल्ह्यांवर चालणारी गलबतं मोठ्या जहाजाच्या पिछाडीला जात, तिथे त्याच्या बाजूच्या तोफा पोचत नसत; अंगावर आलं की उथळ खाडीत, किल्ल्याच्या आसऱ्याला. वारा, भरती आणि खोली यांचं गणित हीच त्यांची ताकद होती. वर वाऱ्याच्या जागी गुरुत्वाकर्षण आहे. कक्षा ओळखणारा लहान ताफा मोठ्या ताफ्याला कसा झुंजवेल, हे दाभोळच्या आणि जयगडच्या खाड्या पाहिलेल्या माणसानं लिहावं.

चिपळूण-संगमेश्वरच्या, देवरुख-गुहागरच्या लिहित्या मुलामुलींना माझं सांगणं आहे. पावसाळ्याचे चार महिने आपल्याला आकाश दिसत नाही. तेवढ्यात आकडेमोड आणि वाचन उरका. दिवाळीनंतर सड्यावर जा, हायवेच्या दिव्यांकडे पाठ करून बसा. मग मोठी कादंबरी लिहा, पानांची मर्यादा न पाहता लिहा, आणि यानांना उड्या मारायला लावायच्या असतील तर त्या बदल्यात वाचकाला काय देणार ते आधी ठरवा. लिहून झाली की मला वाचायला द्या. मी तिची वाट पाहते आहे.