ट्रक कुठे थांबतो

वेदगंगा नदी चढू लागली की मला २०१९चा ऑगस्ट आठवतो. यमगर्णीपाशी महामार्ग पाण्याखाली गेला होता. पाणी उतरलं आणि मदतीचे ट्रक आले. ट्रक थांबतो डांबरी रस्त्याला लागून. त्यामुळे हमरस्त्यावरच्या गावांत बिस्किटांचे पुडे साचले, आतल्या वस्त्या वाट बघत राहिल्या. शिवाय जुन्या कपड्यांचे ढीग! कोल्हापूर-सांगलीत तर ‘जुने कपडे पाठवू नका’ असं हात जोडून सांगावं लागलं. देणाऱ्याचं कपाट मोकळं होतं, एवढं खरं.

पैसा मोठा असला की घोळही मोठा. ३० सप्टेंबर १९९३च्या भूकंपानंतर किल्लारी भागात जागतिक बँकेच्या कर्जातून गावं नव्यानं वसवली. घरं पक्की झाली, हे नाकारायचं नाही. पण आखीव रस्त्यांत जुनी गल्ली हरवली, आणि गुरं बांधायची कुठे, कडबा रचायचा कुठे, हे आराखडा काढणाऱ्याला सुचलं नसावं. २००४च्या त्सुनामीनंतर काही किनाऱ्यांवर आधी होत्या त्याहून जास्त होड्या वाटल्या गेल्या. मासे काही वाढले नाहीत.

आमच्याकडे त्या ऑगस्टात माणसांना बिस्किटं मिळाली. दावणीच्या म्हशींसाठी वैरण हवी होती; ती मागायची कुणाकडे?