तिरप्या उन्हातला जर्मन

हिवाळ्यात संध्याकाळी पाचच्या सुमाराला खार दांड्यात ऊन समुद्रावरून थेट घरात शिरतं. वलांडीवर वाळत घातलेल्या बोंबलांच्या सावल्या लांबत जातात आणि शेजारची मावशी म्हणते, "ऊन तिरपं झालं, आवरा आता." तिला कधी घड्याळ बघताना मी पाहिलेलं नाही.

त्या सावल्या पाहिल्या की मला जोसेफ विर्शिंग आठवतो. म्युनिकचा हा कॅमेरामन 'प्रेम संन्यास'च्या चित्रणासाठी १९२५ साली पहिल्यांदा भारतात आला. हिमांशू राय आणि देविका राणी यांनी १९३४ साली मालाडला बॉम्बे टॉकीज काढली, तेव्हा दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेनसोबत तो परतला. खार रोडहून धीम्या गाडीने मालाड काही लांब नाही. 'अछूत कन्या' (१९३६) तिथलाच, त्याच्याच कॅमेऱ्यातला. आज त्या आवारात छोटे कारखाने आहेत. मी एकदा मुद्दाम गेलो आणि पत्रे कापण्याचा आवाज ऐकून परत आलो.

१९३९ साली युद्ध पेटलं आणि जर्मन म्हणून इंग्रजांनी त्याला नजरकैदेत टाकलं. ऑस्टेन सुटून मायदेशी गेला. विर्शिंग मात्र युद्ध संपेपर्यंत छावण्यांत राहिला. सुटल्यावर 'महल' (१९४९) केला. त्यातला काळोख छावणीतून आला, असं लिहायचा मोह होतो. पण मला ते खोटं वाटतं. दिवा कुठे ठेवायचा आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे कुठे ठेवायचा नाही, हे तो म्युनिकलाच शिकून आला होता. झोपाळ्यावरची मधुबाला अर्धी दिसते, म्हणून आपण पडद्याकडे झुकतो.

पुढे 'महल'च्याच दिग्दर्शकाचा, कमाल अमरोहींचा 'पाकीझा' त्याच्या कॅमेऱ्यावर सुरू झाला आणि रखडत गेला. १९६७ साली विर्शिंग इथेच, मुंबईत वारला. चित्रपट लागला १९७२ साली. उरलेलं काम दुसऱ्या कॅमेरामननी पुरं केलं. मी तीनदा पाहिला, सांधा शोधायलाच. सापडला नाही. जाळं विणणाऱ्याच्या हातून गाठ दुसऱ्याने घेतली आणि कळलंच नाही, तसं काहीसं.

पुन्हा कधी 'पाकीझा' लागला तर सुरुवातीची नामावली सोडू नका. छायाचित्रणाला नाव त्याचंच आहे.