नाशिकच्या बाई आणि इराणचा संघ

हुतूतू हा खेळ गरिबाचा. त्यास चेंडू नको, फळी नको, जाळे नको. सात जणांच्या दोन फळ्या आणि भुईवर ओढलेल्या चार रेषा एवढ्यावर तो उभा राहतो. कोयनेच्या खोऱ्यात सपाट जागा दुर्मिळ, पाऊसही असा की चार महिने भुईचा चिखलच व्हावयाचा. तरीही आमच्या कोयनानगरास मुलींच्या ह्या खेळाचे वेड कधी उणे झाले नाही. बायकांच्या क्रीडांगणाची लांबी अवघी बारा मीटर व रुंदी आठ मीटर. एवढ्या अंगणात एका बाईंनी जे करून दाखविले, त्याविषयी चार शब्द लिहावयाचे आहेत.

श्रीमती शैलजा जैन ह्या नाशिकच्या. तेथे त्यांनी तीस वर्षांहून अधिक काळ शेकडो मुलींस कबड्डीचे धडे दिले. शिक्षकाचा पेशा आम्हीही केला असल्यामुळे एवढे सांगू शकतो की, अशा कामाचा गाजावाजा होत नाही. विद्यार्थिनी पदके आणतात, छायाचित्रे त्यांची छापतात. शिकविणारी बाई दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा चुन्याच्या रेषा ओढावयास जाते. भारताचा संघ हाती येण्याचा योग शैलजाबाईंस आला नाही. सेवानिवृत्तीनंतर बोलावणे आले ते इराणहून.

इराणात हुतूतूशी नाते सांगणारा ‘झू’ नावाचा एक जुना खेळ आहे, त्यामुळे कबड्डी त्यांस सर्वस्वी परकी नव्हे. स्त्रियांची कबड्डी आशियाई स्पर्धांत प्रथम आली ती २०१० साली, ग्वांगझूस. त्या वर्षी इराणच्या मुलींस कांस्यपदक मिळाले, २०१४ साली इंचिऑन येथे रौप्य. सुवर्ण दोन्ही वेळा भारताचे. उरलेली एक पायरी चढविण्याचे काम ह्या नाशिककर बाईंकडे आले.

बाई तेथे गेल्या आणि आधी फारसी शिकू लागल्या. ही गोष्ट आम्हांस सर्वांत महत्त्वाची वाटते. दुभाष्या मधे ठेवून व्याकरण शिकविता येईल कदाचित. परंतु पकड करणाऱ्या मुलीस अर्ध्या क्षणात ‘आत्ता!’ म्हणावयाचे असेल तर तेथे दुभाषा काय कामाचा? शिवाय मराठी माणसास फारसी वाटते तितकी दूर नाही. मैदान, बाजू, पंजा, कमर, गर्दन, जोर, इतकेच काय ‘शाबास’ हा शब्दसुद्धा आपणांस तिकडूनच आलेला आहे. पहिलवानाच्या तालमीतील निम्मा कोश तर फारसीच म्हणावा.

दुसरे त्यांनी केले ते असे की, योग आणि प्राणायाम ह्यांस रोजच्या सरावात स्थान दिले. वाचकांपैकी कोणी म्हणेल, हे आम्हांस आवडणारच! पण येथे आवडीनिवडीचा प्रश्न नाही. चढाई करणाऱ्या खेळाडूस एका श्वासात ‘कबड्डी कबड्डी’ म्हणत परत यावयाचे असते. श्वास तुटला की ती बाद. म्हणजे ज्या खेळात श्वासच नियम आहे, त्यात श्वासाचे शिक्षण हे अलंकार नसून पाया होय. मराठीत आपण ‘दम’ म्हणतो तो श्वास ह्या अर्थी फारसीतून आला. संस्कृतातला ‘दम’ निराळा, तो इंद्रियनिग्रह, शम-दमांतला. दोन भाषांतले हे दोन दम ह्या एका खेळात एकत्र नांदतात. समोर एकटी चढाईवाली आली असता सात जणींनी हात धरून साखळी राखावयाची, आणि कोणीही उतावीळ होऊन पाय पुढे टाकावयाचा नाही, हा दुसरा दम.

२४ ऑगस्ट २०१८ रोजी जकार्ता येथे अंतिम सामना झाला. आपल्या मुलींनी आरंभी आघाडी घेतली होती. उत्तरार्धात इराणच्या मुलींनी ती मोडून काढली. निकाल इराण २७, भारत २४. डोक्यापासून पायापर्यंत अंग झाकून खेळणाऱ्या त्या मुली आनंदाने रडत होत्या. आदल्याच दिवशी इराणच्या पुरुषांनी उपांत्य सामन्यात भारतास हरविले होते, त्यामुळे घाव जिव्हारी लागला.

आमच्या घरी पंगतीत त्या रात्री मोठाच वाद माजला. धाकट्या बंधूंचे म्हणणे, अन्न इथले खाऊन विद्या परक्यास दिली. सूनबाई शांतपणे म्हणाल्या, “मामंजी, इथे कोणी मागितली होती का ती विद्या?” ह्यावर बंधूंनी आमटी मागितली. शैलजाबाईंनी स्वतः काहीच लपविले नाही. आपण उत्तम शिक्षिका आहो हे सिद्ध करावयाच्या निश्चयाने आपण गेलो, हे त्यांनी उघड सांगितले, आणि त्याच दमात भारत हरल्याचे दुःख झाल्याचेही सांगितले. आमच्या मते ही दोन्ही विधाने एकाच मनात राहू शकतात. गुरूने शिष्याकडून पराजयाची इच्छा धरावी, अशी आपली जुनी शिकवण आहे. आणि कबड्डीत इराण हा भारताचा शिष्यच की! १९३६ साली बर्लिनच्या ऑलिंपिकप्रसंगी अमरावतीच्या श्रीहनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने आपले खेळ जगास दाखविले, ते काय जगाने नुसते पाहून घरी जावे म्हणून?

२०२३ साली हांगझोऊ येथे भारतीय मुलींनी सुवर्ण परत मिळविले, तैवानच्या संघावर २६–२५ असा एका गुणाने. इराणकडे ह्या खेपेस कांस्य आले. शिष्य आता अनेक झाले आहेत, असा त्याचा अर्थ.

हा मजकूर आम्ही नातीस वाचून दाखविला. ती शाळेच्या संघात उजवा कोपरा सांभाळते. दमावरील आमचे व्युत्पत्तिशास्त्र तिने ऐकून घेतले आणि घड्याळ पुढे केले. चढाईस तीस सेकंदे असतात, आजोबा, म्हणा कबड्डी. एकोणिसाव्या सेकंदास आम्ही बाद झालो.