साडेतीनची काळकणिका

पेशीची आकृती आठवतेय? शाळेतली, पेन्सिलीने काढलेली. मधोमध केंद्रक, इकडेतिकडे भुईमुगाच्या शेंगांसारख्या तंतुकणिका. त्या आकृतीत आम्ही एक अंगक वाढवलंय. नाव ‘काळकणिका’. आम्ही म्हणजे मी आणि टीममधली माझी मैत्रीण. ती शिकली मायक्रोबायोलॉजी आणि हिंजवडीत बसून अमेरिकन हॉस्पिटलांची बिलं तपासते. रात्री दीडला सिस्टिम हँग झाली की असले खेळ सुचतात.

काळकणिकेचं काम एकच, पेशीपुरता वेळ ताणायचा किंवा आवळायचा. तंतुकणिकेसारखीच ती आईकडून मिळते. आत घड्या असतात आणि प्रत्येक घडीत थोडा वेळ मुडपून ठेवलेला असतो. साखर जाळली की एक घडी उलगडते आणि तुम्हाला पाच मिनिटं जास्तीची मिळतात. फुकट नाही हं! घडी परत घालायला तेवढी झोप मोजावी लागते. (नियम मैत्रिणीचा. तिच्या मते फुकटचं अंगक म्हणजे सायन्स नाही, जाहिरात.) कल्पना फार अचाट नाही म्हणा. मॅडेलिन लेंगल या अमेरिकन लेखिकेने 1973 सालच्या कादंबरीत तंतुकणिकेच्या आत चक्क बोलणारे जीव वसवले होते.

मग आम्ही काळकणिका वाटत सुटलो. माशीला पोतंभर, म्हणून आपली चप्पल तिला सावकाश येताना दिसते. ग्रीनलँड शार्कला ब्रेक लावणाऱ्या. कमळाच्या बीला वेळ पार बंद करणाऱ्या. कारवीला गजराच्या.

गंमत म्हणजे अंगक खोटं असलं तरी ही यादी खरी आहे. आपल्याला सेकंदाला साठेक उघडझापा वेगळ्या दिसतात, त्यापुढे दिवा सलग पेटल्यासारखा वाटतो. माशीला अडीचशेच्या आसपास दिसतात. एक ग्रीनलँड शार्क किमान 272 वर्षांची असल्याचं 2016मध्ये जाहीर झालं. चीनमधली सुमारे तेराशे वर्षांपूर्वीची कमळाची बी प्रयोगशाळेत रुजली. आणि आपली कारवी! बोरिवलीच्या नॅशनल पार्कात 2008मध्ये फुलली, मग थेट 2016मध्ये. मधली वर्षं नुसती हिरवी. कुणी रिमाइंडर पाठवला तिला?

आपल्या पेशीतही घड्याळ आहेच, फक्त ते अंगक नाही, एक चक्र आहे. एका जनुकावरून प्रथिन बनतं, रात्रभर साठतं, केंद्रकात शिरतं आणि ज्या जनुकाने बनवलं त्याचंच तोंड बंद करतं. मग ते हळूहळू मोडतं आणि जनुक पुन्हा कामाला लागतं. एक फेरी, साधारण चोवीस तास. फळमाशीत हे उलगडल्याबद्दल हॉल, रॉसबॅश आणि यंग यांना 2017चं नोबेल मिळालं. त्याआधी 2005मध्ये जपानी शास्त्रज्ञांनी सूक्ष्मजीवाची तीन प्रथिनं आणि ऊर्जेसाठी एटीपी एका परीक्षानळीत घातलं, तर ती तिथेही चोवीस तासांचा ठेका धरून बसली. ना पेशी, ना सूर्य. सॉलिड!

पण हे घड्याळ ताणता येत नाही. प्रकाश दाखवून थोडं पुढे-मागे सरकवता येतं, इतकंच. मेंदूतलं मुख्य घड्याळ डोळ्यांतून येणाऱ्या उजेडावर चालतं, यकृताचं बरंचसं जेवणावर. म्हणजे रात्री दोनला कँटीनची बिर्याणी हाणली की मेंदू म्हणतो मध्यरात्र, यकृत म्हणतं दुपार. ‘बॉडीला सवय होते’ असं ट्रेनिंगमध्ये सांगतात. बहुतेकांच्या बॉडीला ती पुरती कधीच होत नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने 2007मध्ये रात्रपाळी ‘बहुधा कर्करोगकारक’ गटात टाकली आणि 2019मध्ये तिथेच ठेवली. हे माहीत असूनही मी पाच वर्षं रात्रपाळीत काढली. एक कारण पगार. दुसरं अण्णा.

अण्णा साताऱ्यात असतात. एसटीत ड्रायव्हर होते. मुक्कामाची गाडी घेऊन गावात जायचं, गाडीतच झोपायचं आणि पहाटे पाचची पहिली फेरी काढायची. रिटायर होऊन बारा वर्षं झाली, तरी साडेतीनला डोळे टक्क उघडे. वय झालं की घड्याळ तसंही अलीकडे सरकतं. माझा ब्रेक साडेतीनला. आई गेल्यापासून रोज त्या वेळी मी फोन लावते आणि ते पहिलं वाक्य टाकतात, ‘जेवलीस का गं?’

दिवसा हे जमत नाही. दुपारी मी झोपलेली, रात्री नऊला ते. रविवारी दिवसा फोन केला की ‘काय विशेष?’ म्हणून दोन मिनिटांत ठेवतात. साडेतीनला मात्र विहिरीचं पाणी, शेजाऱ्यांचं भांडण, आई लग्नात कशी रुसली होती, सगळं निघतं.

आणि आता दिवसपाळीची जागा निघालीये. माझं ॲसिडिटीचं पाकीट, बिघडलेली पाळी आणि डॉक्टरांचा चेहरा बघता प्रश्नच नव्हता. तरी फॉर्म आठवडाभर उघडा ठेवला होता.

परवा अण्णांना काळकणिकेबद्दल सांगितलं. म्हणाले, ‘आमच्या रूटला होती ती. लोणंदचं रेल्वे फाटक. पडलं की जगाचं घड्याळ बंद.’ मग मी शिफ्टचं सांगितलं. थोडा वेळ नुसतं स्टोव्हचं फरफर ऐकू येत होतं.

‘घे की,’ म्हणाले. ‘झोपत जा रात्रीची.’

सोमवारपासून सकाळी साडेनऊला लॉगिन आहे. रात्री साडेआठला फोन करत जाईन म्हटलं, तर म्हणतात, साडेआठला नको, बातम्या असतात.