वाट आढळून आली नाही

पंचनाम्यातलं ते वाक्य मला अजून पाठ आहे : 'प्रत्यक्ष पाहणीवेळी सदर ठिकाणी वाट आढळून आली नाही.' कशी आढळणार? वैशाखात चुलतभावाने ती नांगरली, रोटा मारला, पावसावर मका पेरला. मंडळ अधिकारी उगवले दिवाळीच्या तोंडावर, मका डोक्याच्या वर गेल्यावर. चिखल होता म्हणून बांधावरूनच मान उंचावून बघितलं. अहो, वाट मोडली म्हणून तर अर्ज केला! खाली पंचांच्या सह्या. त्यातल्या एकाने आमचा कडबा वर्षानुवर्षं त्याच वाटेने स्वतःच्या गाडीतून वाहिला होता. "वाचलंत का?" विचारलं, तर म्हणाला, "सायबांनी लिवलं, आम्ही केली."

बाकी कहाणी घरोघरची. आजोबांच्या वाटण्या, पुढचं रान त्यांना, मागचं आम्हाला, गाडीवाट त्यांच्या रानाच्या मधून. कागदावर कुठेच नाही, गावनकाशातही नाही. भावाभावांत कोण लिहून घेतं?

वाट मोडल्यावर वडीलधारे म्हणाले, पावसाळा होऊ दे, बसून मिटवू. मी बसलो. ते काही बसले नाहीत. शेवटी एका निवृत्त तलाठ्याने विचारलं, "अडवून किती दिवस झाले?" मामलतदार न्यायालय कायदा 1906, कलम 5 : अडथळा काढून मागायचा तर 6 महिन्यांच्या आत तहसीलदाराकडे जायचं. माझे जेमतेम पंधरा-सोळा दिवस उरले होते. महसूल संहितेच्या कलम 143 खाली बांधावरून नवा रस्ता मागता येतो, हेही त्यांनीच सांगितलं. मी ताडकन म्हणालो, नवा नको, आजोबांचाच पाहिजे.

त्या हंगामात ट्रॅक्टर रानात जाईना. ऊसतोडीच्या टोळीने मोळ्या डोक्यावरून डांबरीपर्यंत आणल्या, वरचे पैसे मी मोजले. त्या पैशांचं दुःख नाही. 'आढळून आली नाही' हे वाचताना मात्र आपण तीस वर्षं हवेतून ये-जा करत होतो की काय, असं वाटायचं.

मग ओढ्याजवळचा कातळ आठवला. तिथे नांगर चालत नाही. पालापाचोळा झाडला, तर लोखंडी धावेने झिजून पडलेल्या दोन चाकोऱ्या, करंगळी बुडेल एवढ्या खोल. गोठ्यामागे आमच्या जुन्या गाडीचा सांगाडा पडून होता. सुतळीने दोन चाकांमधलं अंतर घेतलं, तीच सुतळी कातळावर ताणली. बरोबर बसली. समोरचे वकील म्हणाले, गाड्या ओढ्याला पाण्याला जात असतील. पण तहसीलदार स्वतः आले, बूट काढून ओढ्यात उतरले, चाकोरीत बोट घालून बघितलं. आठ फुटांची वाट खुली करण्याचा आदेश झाला.

भाऊ प्रांतांकडे गेला, स्थगिती आणली. पुन्हा तारखा. एकदा प्रांत कचेरीच्या आवारात तो एकटाच चहा पीत बसलेला दिसला, आणि मला का कोण जाणे हिशेब सुचला : सव्वातीनशे फूट लांब, आठ फूट रुंद, म्हणजे जवळजवळ अडीच गुंठे. त्याचं सगळं रान तीस गुंठे, आणि वाट त्याचे दोन तुकडे करणारी. त्याच्या जागी मी असतो तर? नांगरली असती, कदाचित. तरी पंचनाम्याचा राग गेला नाही, हे सांगून ठेवतो.

शेवटी मी नको म्हटलेला रस्ताच घेतला. त्याच्या बांधाकडेने आठ फूट, वळणासाठी माझ्याकडचा एक गुंठा. संमतिपत्र केलं, सातबाऱ्याच्या इतर हक्कात नोंद घातली. कुणाची वाट मोडली असेल तर त्याने आधी तारीख लिहून ठेवावी, फोटो काढावेत, मग खुशाल वडीलधाऱ्यांकडे जावं.

भाऊ अजून बोलत नाही. आठ फुटांत दोन ट्रॅक्टर मावत नाहीत. समोरासमोर आलो की एकाला मागे घ्यावा लागतो, आणि आजवर दर वेळी तो मीच घेतला आहे.